ऑफिसातला संगणक आणि भाऊसाहेबांची वही

(स्नेहमेळाव्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळच्या सत्रात केलेलं भाषण. बोलले तसंच ठेवलं आहे. मध्ये वीज गेली तेव्हाचा आरडाओरडा तेवढा गाळला आहे.)



संयोजकांनी मला सांगितलं, "शाळेचा जुना संगणक तू कसा वाचवलास ते सांग, पण आम्हाला कळेल असं सांग." यातली दुसरी अट अवघड आहे आणि पहिल्या वाक्यात एक चूक आहे. संगणक मी वाचवला नाही. तो वरच्या मजल्यावर भंगारात टाकला होता म्हणून वाचला.

आपल्या वेळचा संगणक आठवतोय का? आठवीत असताना आला. त्याला शिवून घेतलेलं कापडी झाकण होतं, खोलीत चपला काढून जायचं, आणि एका तासाला पाच-पाच जण. माझ्या वाट्याला की-बोर्ड वर्षभरात दोनदा आला. मी पुढे संगणकाची इंजिनिअर झाले यात त्या खोलीचा वाटा किती ते माहीत नाही, पण आजही सर्व्हर रूममध्ये शिरताना माझे पाय दारात क्षणभर अडखळतात.

तर तो हा संगणक नव्हे. आज ज्याची गोष्ट सांगतेय तो आपण शाळा सोडल्यावर चार-पाच वर्षांनी ऑफिसात आला. पेंटियम फोर, ४० जीबीची डिस्क, विंडोज एक्सपी. तालुक्याच्या एका माणसाने त्यावर फॉक्सप्रोमध्ये एक प्रोग्रॅम करून दिला, आणि भाऊसाहेबांनी शाळेचं जनरल रजिस्टर त्यात भरायला घेतलं. शाळा सुटल्यावर रोज दीड-दोन तास, जवळजवळ सहा वर्षं. आपली सगळ्यांची नावं, जन्मतारखा, आधीची शाळा, सोडल्याची तारीख, असे अकरा हजारांवर विद्यार्थी. कुणी सांगितलं होतं म्हणून नाही. दाखला मागायला माणूस आला की जाडजूड रजिस्टरं उलटावी लागत, त्याचा त्यांना कंटाळा आला होता, असं ते स्वतःच म्हणतात.

२०१९ च्या ऑगस्टमध्ये कृष्णेला महापूर आला. आपलं ऑफिस तळमजल्यावर. लोखंडी कपाटातल्या खालच्या दोन कप्प्यांतली रजिस्टरं पाण्यात राहिली. पाणी उतरल्यावर शिपाईमामांनी आणि शिक्षकांनी पानं वेगळी करून, दोऱ्यांवर घालून वाळवली. बॉलपेनाने लिहिलेलं बरंचसं राहिलं, शाईच्या पेनाने लिहिलेलं गेलं. म्हणजे नेमकं जुनं गेलं.

यंदा मार्चमध्ये मुख्याध्यापकांचा मला फोन आला. भंगाराचा लिलाव होणार होता. त्यांनी विचारलं, "तो जुना डबा टाकून देऊ, की त्यात काही असेल?" मी म्हटलं, चालू करू नका. चालू करून बघण्याचा मोह सगळ्यांनाच होतो, आणि सात वर्षं बंद असलेली डिस्क त्या एका मोहातच जाऊ शकते.

आता थोडं तांत्रिक. गणिताच्या बाई समोर आहेत, त्यामुळे पायऱ्या गाळणार नाही.

आपल्या गॅदरिंगच्या नाटकात राजवाडा असायचा. कापडावर रंगवलेला. राजाच्या दृष्टीने तो राजवाडाच, कारण जिथे दार हवं तिथे दार आहे आणि जिथे सिंहासन हवं तिथे सिंहासन. व्हर्च्युअल मशीन म्हणजे तसा रंगवलेला संगणक. आत चालणारी विंडोज विचारते, "डिस्कवरचा अमुक भाग दे." खाली खरी डिस्क नसतेच, एक मोठी फाईल असते, आणि हायपरव्हायझर नावाचा प्रोग्रॅम त्या फाईलमधून तो भाग काढून देतो. विंडोजला फरक कळत नाही. ही कल्पना नवी नाही. आयबीएमने १९६० च्या दशकातच एका मोठ्या मशीनमध्ये अनेक मशीनं भासवून दाखवली होती आणि १९७२ मध्ये ती गिऱ्हाइकांना विकायलाही काढली. साध्या पीसीवर ते १९९९ मध्ये व्हीएमवेअरने आणलं. आपण तेव्हा दहावीत होतो आणि प्रमेयं पाठ करत होतो.

चालत्या-बोलत्या जुन्या संगणकाची डिस्क जशीच्या तशी उचलून अशा रंगवलेल्या संगणकात बसवायची, याला आम्ही पीटूव्ही म्हणतो, म्हणजे फिजिकल टू व्हर्च्युअल. ते करणारी तयार सॉफ्टवेअरं आहेत. मशीन चालू असतानाही ती प्रत काढतात. त्यासाठी डिस्कचं एका क्षणाचं चित्र गोठवतात आणि मग निवांत ते चित्र उतरवून घेतात. तुम्ही दरम्यान काम करत राहू शकता. पण तुम्ही दरम्यान जे काम कराल ते त्या चित्रात नसतं. हे वाक्य लक्षात ठेवा, कारण मी विसरले होते.

२००९ ची गोष्ट. नोकरीला लागून तीन वर्षं झाली होती. पुण्याजवळच्या एका कारखान्यात आमच्या कंपनीला काम मिळालं होतं. तिथले चाळीस-एक जुने सर्व्हर चार नव्या मशीनांवर आणायचे. शनिवारी रात्री सुरू करायचं, सोमवारी सकाळी लोक कामावर येईपर्यंत संपवायचं. मला ते काम फार आवडायचं. पडद्यावर टक्केवारी सरकत राहते, आपण चहा पितो, आणि पहाटे एक अख्खं मशीन पेटीतून बाहेर येऊन फाईल झालेलं असतं.

स्टोअर्समध्ये टेबलाखाली एक साधा पीसी होता. गेटमधून आत आलेल्या मालाची नोंद त्यावर व्हायची. ८० जीबीची डिस्क, शनिवारी रात्री चार तासांत प्रत झाली. नवं मशीन चालू केलं, उघडून पाहिलं, नोंदी दिसल्या. प्रत झाल्यावर जुनं मशीन आपोआप बंद करण्याची सोय त्या सॉफ्टवेअरमध्ये होती. ती मी वापरली नाही. काही बिघडलं तर जुनं हाताशी असावं, असा माझा विचार. सावधगिरी म्हणूनच केलं होतं, हे मुद्दाम सांगते.

स्टोअरकीपरकाका निवृत्तीला आले होते. सोमवारी सकाळी त्यांनी नेहमीप्रमाणे नेहमीच्या जागी बसून नेहमीच्या मशीनवर काम सुरू केलं. त्यांना कुणी काही सांगितलंच नव्हतं. ते चार दिवस जुन्यात नोंदी करत राहिले, आणि बाकीचा कारखाना नवीन मशीनकडे बघत होता. गुरुवारी रात्री मी यादीप्रमाणे जुना पीसी उचलला आणि डिस्क पुसून टाकली. ती दुसरीकडे हवी होती.

महिनाअखेरीला माल आणि नोंदी जुळेनात. चार दिवसांचा माल रॅकवर आहे, कागदोपत्री नाही. काकांना मेमो मिळाला. ते म्हणत होते, "मी नोंदी केल्या आहेत." मीटिंगमध्ये मला विचारलं गेलं. मी शांतपणे म्हटलं, "सिस्टीममध्ये नोंद नाही म्हणजे ती केलेली नाही. प्रत बिट टू बिट आहे." माझ्या या वाक्यातला प्रत्येक शब्द खरा होता.

रात्री झोप आली नाही. दुसऱ्या दिवशी मी प्रत काढल्याची वेळ आणि शेवटच्या नोंदीची वेळ शेजारी-शेजारी ठेवून पाहिली. शेवटची नोंद शनिवारी दुपारची. रविवारी सुट्टी. आणि सोमवारपासून शून्य. जो माणूस तीस वर्षं रोज नोंदी करतो तो नेमका माझ्या प्रतीनंतरच थांबला?

मी माझ्या वरिष्ठांना सांगितलं. ते म्हणाले, बिल अडकलंय, आत्ता काढू नकोस. आणि मी आठ दिवस काढलं नाही. आजही हे आठ दिवस मी मोजते. नवव्या दिवशी कारखान्याच्या साहेबांना ईमेल लिहिली, चूक माझी आहे, डिस्क मीच पुसली आहे. मेमो मागे घेतला गेला. नोंदींचं काय, तर काकांच्या टेबलामागे तारेला टोचलेली गेटची सगळी चलनं होती. तारीखवार. दोन तासांत त्यांनी चार दिवस पुन्हा भरून काढले. मीटिंगमध्ये त्यांना बोलायची संधी दिली असती तर तेव्हाच दाखवली असती.

मी माफी मागायला गेले तेव्हा त्यांनी चहा मागवला. रागावले नाहीत. एवढंच म्हणाले, "पोरी, मशीन हलवायच्या आधी मला एकदा विचारायचं होतंस."

आता परत आपल्या शाळेकडे. मार्चमधला फोन ठेवला आणि मी आधी भाऊसाहेबांना फोन केला. संगणक बघितला तो त्यानंतर दोन आठवड्यांनी.

डिस्क काढून घरी नेली. ती जुन्या पट्टीच्या केबलची, म्हणजे आयडीई. माझ्या लॅपटॉपला तसलं तोंडच नाही, म्हणून मध्ये अडॅप्टर लावला. तयार पीटूव्ही सॉफ्टवेअर इथे उपयोगाचं नव्हतं, कारण त्याला चालू मशीन लागतं. म्हणून डीडीरेस्क्यू नावाचा मोफत प्रोग्रॅम वापरला. त्याची रीत मला फार शहाणपणाची वाटते. जिथे डिस्क अडते तिथे तो हट्ट करत नाही. ती जागा लिहून ठेवतो, पुढे जातो, सोपं ते सगळं आधी उतरवून घेतो आणि मग अवघड जागांकडे परत वळतो. पेपर सोडवताना आपल्याला सर हेच सांगायचे. रात्रभर चाललं. ४० जीबीपैकी शेवटी तीनशे केबीच्या आसपास वाचता आलं नाही.

त्या प्रतीचं व्हर्च्युअल मशीन केलं, चालू केलं, आणि निळा पडदा. शेवटी ७बी असा आकडा. आमच्या धंद्यात हा आकडा पाहिला की हसू येतं, कारण त्याचा अर्थ, विंडोजला स्वतःचीच डिस्क सापडत नाहीये. एक्सपी ज्या मदरबोर्डवर बसवली त्याच्याच डिस्क कंट्रोलरची तिला ओळख असते. राजवाडा बदलला की तिला दार सापडत नाही. मग त्या प्रतीच्या रजिस्ट्रीत, म्हणजे विंडोजच्या स्वतःच्या टाचणवहीत, बाहेरून नव्या कंट्रोलरची ओळख लिहून ठेवावी लागते. तिसऱ्या प्रयत्नाला, रात्री एक वाजता, ती हिरवी टेकडी आणि निळं आकाश पडद्यावर आलं. शेजारी भाऊसाहेबांनी ठेवलेला गणपतीचा आयकॉन. मी एकटीच टाळ्या वाजवल्या.

कुणी विचारेल, एवढा खटाटोप कशाला, फाईल उचलून घ्यायची ना? मीही तेच म्हटलं असतं. पण त्या डिस्कवर रजिस्टरच्या नावाच्या सात फायली होत्या. एक साधी, एक 'न्यू', एक 'फायनल', एक 'फायनल २'. वर्ग, प्रवर्ग, सोडण्याचं कारण हे सगळं आकड्यांत, आणि कोणता आकडा म्हणजे काय ते फक्त त्या प्रोग्रॅमला माहीत. प्रोग्रॅम जिवंत केल्याशिवाय सातांतली खरी कोणती तेच कळत नव्हतं. फाईलच्या तारखा बघाव्यात, तर सगळ्या २००२ च्या. म्हणजे संगणक विकत घ्यायच्या आधीच्या! मदरबोर्डवरची छोटी बॅटरी गेली की घड्याळ मागे जातं, त्याचा हा प्रताप.

इथे पीटूव्हीची हद्द संपली. मशीन हुबेहूब उभं होतं, आपलं म्हणणं ठामपणे सांगत होतं, आणि ते केव्हाचं म्हणणं आहे हे त्याला स्वतःलाच माहीत नव्हतं.

मी लॅपटॉप घेऊन भाऊसाहेबांच्या घरी गेले. काकूंनी पोहे केले. भाऊसाहेबांनी चष्मा लावला, पडद्याकडे पाहिलं आणि म्हणाले, "अरे, हा आपलाच की!" मग मी विचारलं, यात शेवटची नोंद कधी केलीत? ते म्हणाले, "बॅटरी गेली २०१२ ला. रोज सकाळी तारीख घालायचो, मग सोडून दिलं. पुढच्या वर्षी मराठीची खुट्टी गेली." खुट्टी म्हणजे डोंगल. मराठी टायपिंगच्या सॉफ्टवेअरचं कुलूप, संगणकाच्या मागे प्रिंटरच्या तोंडाला लावलेलं. ते गेलं आणि संगणकावर मराठी लिहिणं थांबलं. वाचता यायचं, दुरुस्त करता यायचं नाही. "मग?" "मग काय, वहीत लिहीत गेलो."

ते उठले आणि आतून दोनशे पानी वही घेऊन आले. वर 'दुरुस्ती' असं लिहिलेलं. २०१३ पासून २०१८ ला निवृत्त होईपर्यंतची प्रत्येक दुरुस्ती. राजपत्रात नाव बदलल्याच्या, आदेशाने जन्मतारीख बदलल्याच्या, रजिस्टर क्रमांक, आदेश क्रमांक, तारीख. वही घरी होती म्हणून पुरातून वाचली. ती घरी का होती, असं मुख्याध्यापकांनी विचारू नये ही विनंती. (इथे सर हसले.)

या वहीशिवाय मी ते मशीन शाळेच्या हवाली केलं असतं, तर त्याने दोनशेच्या वर माणसांची जुनी, रद्द झालेली माहिती अगदी स्वच्छ अक्षरात दाखवली असती. त्यातली एक हकीकत सांगते, नाव-गाव न सांगता. एका मुलाला जात पडताळणीसाठी वडिलांच्या शाळेतल्या नोंदीचा उतारा हवा होता. रजिस्टरचं ते पान पुरात धुतलेलं. संगणकात एक नोंद आहे, आणि ती घरच्या बाकी कागदांशी जुळत नाही. वहीत त्याच क्रमांकापुढे दुरुस्तीचा आदेश क्रमांक सापडला. संगणकातल्या किंवा वहीतल्या नोंदीला मूळ रजिस्टरची किंमत नाही, हे मुख्याध्यापकांनी पहिल्या दिवशीच मला बजावलं होतं. पण क्रमांक मिळाल्यामुळे आदेशाची प्रत जिल्हा परिषदेच्या शिक्षण विभागात शोधता आली, आणि ती मिळाली.

पुढचं काम कंटाळवाणं होतं, थोडक्यात सांगते. तो सगळा मजकूर जुन्या फॉण्टमधला, युनिकोडच्या आधीचा. त्यात अक्षरं नसतात, अक्षरांचे तुकडे असतात. 'ग' म्हणजे एक अर्धा ग आणि एक दांडी. पहिली वेलांटी कागदावर अक्षराच्या आधी काढतात म्हणून ती आधी साठवलेली, रफार डोक्यावर देतात म्हणून तो नंतर. हे सगळं उलटं-सुलटं करून जागेवर आणावं लागतं. पहिल्या फेरीत शाळेतल्या सगळ्या शर्मिला 'शमिर्ला' झाल्या आणि अर्जुन 'अजुर्न'. माझ्या मुलीने एक रविवार बसून अशी नावं शोधून दिली, दर चुकीला एक रुपया या दराने. मला ते महागात पडलं.

ते व्हर्च्युअल मशीन आता शाळेकडे एका पेनड्राइव्हवर आणि माझ्याकडे एका डिस्कवर आहे. त्याला नेटवर्क जोडलेलं नाही आणि जोडायचंही नाही. एक्सपीचे सुरक्षेचे अपडेट एप्रिल २०१४ मध्ये थांबले. शिवाय ती एक्सपी त्या जुन्या डब्याबरोबर घेतलेली, तिचा परवाना त्या डब्यापुरता. माहिती बाहेर काढण्यापुरतं ते उघडलं, आता बंद आहे. ते कायम चालवत राहावं असं मला वाटत नाही. कारखान्यांत मी अशी मशीनं पाहिली आहेत. पंधरा-पंधरा वर्षं चालतात, आत काय आहे ते कुणाला माहीत नसतं आणि बंद करायला सगळे घाबरतात. त्यापेक्षा माहिती साध्या तक्त्यात काढलेली बरी. ती काढली आहे, वहीतल्या दुरुस्त्या वेगळ्या रांगेत, भाऊसाहेबांच्या हस्ताक्षरातल्या पानाच्या फोटोसकट.

न वाचलेल्या त्या तीनशे केबीत एकसष्ट विद्यार्थी होते. काही पूर्ण गेले, काहींचं अर्धं नाव उरलं. त्यातले नऊ जण आपल्या तुकडीचे आहेत. कोण ते मी इथे वाचून दाखवणार नाही. रजिस्टरमध्ये सगळ्यांचं सगळंच असतं, जात आणि जन्मतारीखही, आणि पंचवीस वर्षांनी तरी कुणाचं वय जाहीर करायला मी आलेले नाही.

मागच्या खिडकीजवळच्या टेबलावर भाऊसाहेब लॅपटॉप आणि वही घेऊन बसणार आहेत. एका वेळी एकाने जायचं, फक्त स्वतःची ओळ बघायची. ज्यांच्याकडे शाळा सोडल्याचा मूळ दाखला घरी आहे त्यांनी त्याचा फोटो पाठवा, त्या दाखल्यावर रजिस्टर क्रमांक असतो. आणि भाऊसाहेबांना साखर चालत नाही, त्यांच्यासमोर जिलबीची ताटली नेऊ नका. काल दोघांनी नेली.